वाचकांचे प्रश्न : ‘सरका’पासून ‘सरक रे’पर्यंत

मागील अंकात पत्रांच्या मायन्यांविषयी लिहिताना, मित्राला लिहिलेल्या पत्रात ‘तू’ असावे की ‘तुम्ही’, हा प्रश्न मी ओझरता सोडून दिला होता. वाचकांनी तो सोडलेला नाही. आलेली बहुतेक पत्रे पुरुषांची आहेत आणि जवळजवळ सगळी मुंबईची आहेत. त्यांतील काही प्रश्न थोडक्यात देऊन त्यांना उत्तरे देत आहे. पत्रलेखकांची नावे त्यांच्याच इच्छेवरून दिलेली नाहीत.

प्रश्न (मुलुंड) : मी 52 वर्षांचा आहे. आमच्या कार्यालयात नव्याने लागलेली मुले मला ‘भावा’ म्हणतात. हा शब्द मराठी तरी आहे का, आणि मी तो चालवून घ्यावा का?

शब्द मराठीच आहे, आणि व्याकरण पाहिले तर तुमच्या पिढीच्या ‘अरे भाऊ’पेक्षा तो काकणभर अधिक नियमाला धरून आहे. ‘भाऊ’ या शब्दाचे सामान्यरूप ‘भावा’ असे होते. भावाला, भावाने, भावाचा ही रूपे त्यावरूनच येतात. संबोधनाचे एकवचनही त्याच घडणीचे असते, जसे मित्र आणि मित्रा, देव आणि देवा. म्हणजे ही मुले संबोधनाची विभक्ती चोख चालवत आहेत. कोल्हापूर, सांगली, सातारा या भागांत ही हाक जुनी आहे. मुंबईच्या कानांना मात्र ‘भाऊ’ न बदलता ऐकण्याची सवय होती, कारण येथे तो शब्द नाते सांगण्यापेक्षा पदवीसारखा वापरला जात असे. वाडीतील एखाद्या वजनदार माणसाला सगळेच ‘भाऊ’ म्हणत आणि त्याचे खरे नाव फक्त शिधापत्रिकेवर असे.

तुम्हाला जे टोचते आहे ते वेगळेच असावे असा माझा अंदाज आहे. ‘भाऊ’च्या मागोमाग ‘तुम्ही’ येते आणि ‘भावा’च्या मागोमाग ‘तू’ येतो. ‘भाऊ, जरा बघता का?’ आणि ‘भावा, जरा बघतोस का?’ ही दोन्ही वाक्ये जिभेवर सहज बसतात, पण ‘भावा, जरा बघता का?’ हे वाक्य अडखळते. तेव्हा तुम्हाला ‘भावा’ म्हणणाऱ्या मुलाने एकेरीवर येण्यासाठी मागचे दार वापरले आहे आणि तुम्ही ते ओळखले आहे. आता निर्णय तुमचा आहे. हे सलगीचे बोलणे आवडत नसेल, तर पहिल्याच आठवड्यात हसत हसत सांगून टाकावे, कारण सहा महिन्यांनी सांगितले तर त्याला रुसवा समजतात. फक्त त्याला दुसरा शब्द सुचवण्याची वेळ आली तर जपून सुचवावा. मला स्वतःला भाजीवाल्याने प्रथम ‘काका’ म्हटले, त्या संध्याकाळी मी कोथिंबीर न घेताच घरी आलो होतो.

प्रश्न (गिरगाव) : माझ्या पतीचे नाव प्रकाश आहे. त्यांचे मित्र त्यांना घरात, माझ्या सासऱ्यांच्या देखत ‘पक्या’ म्हणतात. एका मित्राला तर सगळे नुसतेच ‘जोश्या’ म्हणतात. चांगल्या नावाची ही मोडतोड अपमानकारक नाही का?

तुमची तक्रार नवी नाही. मराठी मुलाचे नाव बारशाला एक ठेवले जाते आणि गल्लीत दुसरे पडते, आणि गल्लीतील नाव अधिक काळ टिकते. मात्र तुम्ही जिला मोडतोड म्हणता तिला बऱ्यापैकी काटेकोर नियम आहेत. नावाचा आरंभ ठेवायचा, शेपूट छाटायचे आणि उरलेल्या शेवटच्या व्यंजनाला ‘या’ जोडायचा. दिलीपचा दिल्या होतो, अविनाशचा अव्या, संजयचा संज्या, सुरेशचा सुऱ्या. आरंभीचे जोडाक्षर जड वाटले तर तेही हलके करून घेतात आणि म्हणूनच प्रकाशचा ‘प्रक्या’ न होता ‘पक्या’ होतो. हे कोणी शिकवत नाही, तरी गिरगावातील मुलगा आणि गोरेगावातील मुलगा एकाच नावाचे एकच रूप करतात. हल्लीच्या नावांनी या कारखान्याची पंचाईत केली आहे, हे खरे. विवान नावाच्या मुलाचे त्याचे मित्र काय करणार आहेत, याची मला खरोखर उत्सुकता आहे.

ही नुसती हाक नव्हे. हाक असती तर ती संबोधनापुरती राहिली असती. येथे ‘पक्या आला’, ‘पक्याला सांग’, ‘पक्याचा डबा’ अशी सर्व विभक्तींची रूपे चालतात, म्हणजे भाषेने त्या माणसाला दुसरे पूर्ण नाव दिलेले असते. आडनावांचेही तसेच होते. कुलकर्ण्या, पाटल्या, शिंद्या ही रूपे सर्वांच्या कानांवरची आहेत. ‘कर’ने संपणाऱ्या आडनावांतील ‘कर’ पुष्कळदा गळतो, आणि मुंबईच्या मैदानांवर सचिन तेंडुलकर यांचे ‘तेंडल्या’ झाले ते याच वाटेने. गंमत अशी की, आदराने ‘जोश्यांना बोलवा’ म्हणताना जोशी या आडनावाचे जे सामान्यरूप होते, त्याच रूपात मित्रांचा ‘जोश्या’ बसलेला असतो. अनुस्वार आणि अनेकवचन निघाले की आदर निघाला.

नावाला जोडण्यासाठी मराठीत आदराच्या शेपट्यांची कमतरता कधीच नव्हती. पंत, राव, जी, बा, शेठ, भाऊ अशी ती रांग आहे. ‘या’ मात्र या सर्वांच्या उलट दिशेला उभा आहे. तो वापरण्यासाठी एक तर माणूस फार जवळचा असावा लागतो किंवा आपल्याला त्याची किंमत नसावी लागते, आणि मधल्या माणसांसाठी तो चालत नाही. तुमच्या पतीचा वरिष्ठ त्यांना ‘पक्या’ म्हणाला तर तो अपमान होईल. शाळेतील बाकावरचा सोबती ‘प्रकाशराव’ म्हणाला तर तुमचे पती रात्रभर विचार करतील की आपले काय चुकले. संत जनाबाईंनी रागाच्या भरात प्रत्यक्ष विठ्ठलाला ‘विठ्या’ म्हटले आहे आणि वारकरी परंपरेने ते प्रेमाने जपले आहे. तेव्हा तुमच्या पतींना फार वाईट वाटून घेण्याचे कारण नाही.

सासऱ्यांच्या देखत म्हणावे का, हा प्रश्न मात्र रास्त आहे. माझ्या लहानपणी चाळीत एक अलिखित शिस्त होती. जिन्यावरून ‘ए पक्या’ अशी हाक येई, पण उंबरठ्याच्या आत आल्यावर तोच मुलगा ‘काकू, प्रकाश आहे का?’ असे विचारत असे. तो उंबरठा आता राहिलेला नाही, कारण मित्र खालून हाक मारत नाहीत, फोन करून थेट उदवाहनाने वर येतात. पतींना सांगून ती शिस्त पुन्हा लावता आली तर पाहावे. ढापण्या, टकल्या, लंब्या असे शरीरावरून पाडलेले एखादे नाव त्या गटात असेल, तर मात्र त्याला माझा पाठिंबा नाही. ज्याला ते चिकटते तो हसतो खरा, पण मी पाहिलेल्या बहुतेकांना ते मनातून लागलेले असते.

प्रश्न (अंधेरी) : मी मूळचा लखनौचा, गेली बारा वर्षे मुंबईत आहे आणि मराठी बोलायला शिकलो आहे. आमच्या इमारतीतील सत्तरीच्या सचिवांना मी आपुलकीने ‘अरे तुम्ही कधी आलात?’ असे विचारले. त्यांचा चेहरा उतरला. मी ‘तुम्ही’ म्हटले होते, मग माझे काय चुकले?

तुमचे ‘तुम्ही’ बरोबर होते, तुमचा ‘अरे’ हिंदी होता. हिंदीतील ‘अरे’ हा केवळ उद्गार आहे; तो आजोबांपुढे, देवापुढे, रिकाम्या खोलीतही चालतो. मराठीत तो उद्गारही आहे आणि हाकही आहे, आणि हाक म्हणून तो फक्त एकेरीतील पुरुषासाठी राखून ठेवलेला आहे. स्त्रीसाठी ‘अगं’ आणि आदरासाठी ‘अहो’ अशी त्याची भावंडे आहेत. वाक्याच्या आत हीच तिघे ‘रे’, ‘गं’, ‘हो’ होऊन येतात, म्हणून मित्राला ‘काय रे’ आणि सचिवांना ‘काय हो’. एखाद्याशी एकेरीत बोलण्याला मराठीत ‘अरेतुरे करणे’ असे नावच आहे, आणि वरचढ बोलणाऱ्याला तसेच उत्तर देण्याला ‘अरे ला का रे करणे’ असे म्हणतात. यावरून या दोन अक्षरांत किती दारूगोळा भरलेला आहे, हे लक्षात यावे.

आता एक बारकावा सांगतो. तुम्ही ‘अरे!’ म्हणून श्वासभर थांबला असता आणि मग ‘तुम्ही कधी आलात?’ असे विचारले असते, तर काहीच बिघडले नसते, कारण तो ‘अरे’ तुमच्या आश्चर्याचा ठरला असता. आम्हीही ‘अरे वा, तुम्ही!’ असे म्हणतोच. तुम्ही थांबला नाहीत, त्यामुळे तो ‘अरे’ थेट सचिवांना जाऊन लागला.

दुसरी गोष्ट तुम्ही विचारलेली नाही, पण तुमच्या उपयोगाची आहे. हिंदीतील ‘आप’ डोक्यात असल्यामुळे अनेक अमराठी मंडळी मराठीत सर्वांना ‘आपण’ म्हणतात. मराठीत ‘आपण’ व्यासपीठावर किंवा अर्जात शोभतो, चहाच्या टपरीवर तो समोरच्याला लांब लोटतो. शिवाय ‘आपण जाऊ’ म्हटले की त्यात बोलणारा आणि ऐकणारा दोघेही येतात, आणि मुंबईचा गडी ‘आपण नाही जाणार’ म्हणतो तेव्हा त्यात तो एकटाच असतो. तेव्हा सचिवांसाठी ‘अहो’ आणि ‘तुम्ही’ वापरावे, मित्रांसाठी ‘अरे’ आणि ‘तू’ वापरावे, आणि ‘आपण’ सोसायटीच्या वार्षिक सभेसाठी ठेवून द्यावा.

प्रश्न (लालबाग) : माझा बालमित्र माझ्यासारखाच गिरणी कामगाराचा मुलगा आहे. मला बँकेत नोकरी लागल्यापासून तो मला ‘काय साहेब’, ‘या शेठ’ असे म्हणतो. हा टोमणा आहे का?

तुमच्या पत्रात ‘नोकरी लागल्यापासून’ हे शब्द अधोरेखित केलेले आहेत, त्यामुळे तुम्हाला उत्तर ठाऊक असावे असे वाटते. तरीही घाई करू नये. पुरुषांच्या मैत्रीत मुंबईने आदराचे माप उलटे करून ठेवले आहे. परक्या माणसाला ‘साहेब’ म्हटले तर तो आदर असतो, मित्राला म्हटले तर ती थट्टा असते, आणि भांडण झालेल्या मित्राला म्हटले तर त्याच शब्दाने बोलणे तोडलेले असते. ‘शेठ’ या शब्दाचे मूळ संस्कृत ‘श्रेष्ठी’त आहे. पनवेल-उरणकडे तो नावामागे मानाने लागतो, आणि मुंबईचा टॅक्सीवाला मात्र शंभराची नोट पुढे करणाऱ्या प्रत्येकाला तो सढळ हाताने वाटतो. ‘साहेब’ तर त्याहून मजेदार आहे. त्याचे मूळ अरबी आहे आणि तेथे त्याचा जुना अर्थ सोबती असा होता. मालक हा अर्थ नंतर आला. आपला ‘सोबत’ हा शब्दही त्याच धातूचा. म्हणजे तुमचा मित्र तुम्हाला ‘साहेब’ म्हणतो तेव्हा, त्याला कल्पना नसली तरी, तो मूळ अर्थाच्या जवळच असतो.

एवढ्याने तुमचे समाधान होणार नाही, म्हणून एक खूण सांगतो. ‘साहेब’च्या पुढचे क्रियापद ऐकावे. ‘काय साहेब, कधी आलास?’ असे तो म्हणत असेल तर काळजी नसावी, कारण साहेबाला ‘आलास’ म्हणणे ही विसंगतीच प्रेमाची खूण असते. ‘काय साहेब, कधी आलात?’ असे म्हणू लागला, तर एक दिवस त्याच्या घरी जाऊन बसावे. लालबाग-परळमध्ये या शब्दाला आणखी एक धार आहे. 18 जानेवारी 1982 रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले, आणि त्यानंतर एकाच खोलीत वाढलेल्या मुलांपैकी कोणी बँकेच्या आत गेला, कोणी त्याच बँकेच्या दारावर उभा राहिला. दारावरच्याने दिवसभर ‘साहेब’ म्हणायचे, ही त्याची नोकरीच झाली. त्यामुळे संध्याकाळी मित्रालाही तो तसेच म्हणतो तेव्हा त्यात थट्टा किती आणि दिवसाचा शीण किती, हे तुम्हालाच ओळखावे लागेल. तुम्हा दोघांच्या वडिलांच्या वेळी एका गावचे लोक एकमेकांना नुसते ‘गाववाले’ म्हणत आणि त्यात कोणी वरचा-खालचा होत नसे. तुम्ही दोघे एकाच गावचे असाल, तर तो शब्द पुन्हा काढून पाहण्यासारखा आहे.

प्रश्न (कुर्ला) : ‘भिडू’ हा शब्द चित्रपटवाल्यांनी काढला का? आणि ‘यार’ म्हटले की आमचे आजोबा का रागावतात?

चित्रपटवाल्यांनी तो उचलला. खेळातील जोडीदार किंवा आपल्या बाजूचा गडी, हा ‘भिडू’चा मराठी अर्थ आहे, आणि ‘आमच्याकडे एक भिडू कमी आहे’ हे वाक्य प्रत्येक गल्लीत क्रिकेटच्या वेळी ऐकू येई. हिंदी चित्रपटांतून तो देशभर गेला आणि अभिनेते जॅकी श्रॉफ यांच्याशी इतका जोडला गेला की, आपले नाव आणि हा शब्द यांच्या विनापरवाना व्यापारी वापराविरुद्ध त्यांनी 2024 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात दाद मागितली. पत्त्यांच्या डावात तुम्ही तो बिनधास्त वापरू शकता.

‘यार’ हा शब्द फारसीतून आला आणि तेथे त्याचा अर्थ मित्र असाच आहे. जुन्या मराठीत मात्र तो बाईच्या चोरट्या प्रियकरासाठीही वापरला जात असे. आजोबांच्या कानांत तो अर्थ शिल्लक आहे.

प्रश्न (दादर) : आमच्या कट्ट्यावर सगळे साठीचे आहेत आणि ‘लेका’, ‘मेल्या’, ‘साल्या’, ‘शिंच्या’ यांखेरीज आमचे बोलणे पुढे सरकत नाही. परवा नातवाने ‘शिंच्या’चा अर्थ विचारला आणि मी निरुत्तर झालो.

निरुत्तर झालात हे उत्तम झाले, कारण तो ‘शिंदळीच्या’ या शब्दाचा आक्रसलेला अवतार आहे आणि शिंदळ म्हणजे बदफैली बाई. मधली अक्षरे झिजली, अर्थ झाकला गेला, आणि ज्या घरांत साधी शिवी उच्चारली जात नसे त्या घरांतील आजोबाही हा शब्द देवपूजेनंतर निःशंकपणे वापरू लागले. ‘साल्या’चीही तीच कथा आहे. साला म्हणजे बायकोचा भाऊ. मित्राला साला म्हणणे म्हणजे त्याच्या बहिणीशी आपले नाते जोडणे. पुरुष एकमेकांना प्रेमाने जे शब्द देतात त्यांपैकी किती शब्दांचा भार त्यांच्या घरातील बायकांवर पडतो, हे एकदा मोजून पाहिले तर कट्टा थोडा वेळ शांत बसेल.

उरलेले दोन निर्दोष आहेत. ‘लेका’ म्हणजे लेकरा, यापलीकडे त्यात काही नाही. ‘मेल्या’ ऐकायला भयंकर, पण कोकणी माणसाच्या तोंडी त्याच्याइतका जिव्हाळ्याचा शब्द दुसरा नाही. ‘मेल्या, खंय होतंस इतके दिस?’ असे कोणी विचारले, तर त्याने तुमची खरोखर वाट पाहिलेली असते. मूल जगावे म्हणून त्याचे नाव दगडू किंवा धोंडू ठेवण्याची रीत आपल्याकडे होती, आणि जिवंत मित्राला मेला म्हणण्यातही वाईटाची नजर चुकवण्याचा तोच भाव असावा असे मला नेहमी वाटत आले आहे. नातवाला ‘मेल्या’ समजावून सांगावा आणि ‘शिंच्या’ कट्ट्यावरच ठेवावा.

प्रश्न (भायखळा) : सकाळी भेटलेल्या मित्राला मी ‘कुठे निघालास?’ असे विचारले तर तो चिडतो. नुसते ‘नमस्कार’ म्हणणे परके वाटते. मग काय म्हणावे?

निघालेल्या माणसाला ‘कुठे’ विचारू नये, हा आपल्याकडील जुना संकेत आहे. म्हणूनच जुनी माणसे ‘लांब का?’ असे विचारत, आणि निरोप घेताना ‘जातो’ न म्हणता ‘येतो’ म्हणत. तुमच्या मित्राच्या घरी तो संकेत पाळला जात असावा. ‘काय म्हणतोस?’ हा मराठी मित्रांचा खरा नमस्कार आहे. त्याचे उत्तर कोणाला नको असते; ‘चाललंय आपलं’ एवढे पुरते. ज्यांना ‘जय भीम’, ‘जय महाराष्ट्र’ किंवा ‘राम कृष्ण हरी’ म्हणण्याची सवय आहे, त्यांना त्याच शब्दांत उत्तर दिले तर ते खुलतात. यांपैकी ‘जय भीम’ हे अभिवादन कामठीचे कार्यकर्ते बाबू हरदास यांनी रूढ केले असे मानले जाते. आणि जेथे शब्दच सुचत नाही, तेथे हात पुढे करून ‘दे टाळी’ म्हणावे.

प्रश्न (बोरिवली) : आमच्या शाळेच्या 1986 च्या तुकडीचा व्हॉट्सॲपवर गट झाला आहे. माझ्या बाकावर बसणारा मित्र आता मोठा अधिकारी आहे. मी त्याला ‘कसा आहेस?’ असे लिहिले. त्याचे उत्तर आले, ‘मी ठीक. आपण कसे आहात?’ आता मी पुढे काय लिहू?

हे पत्र मी दोनदा वाचले. प्रथम तुमच्या मित्राची बाजू घेतो. जो मनुष्य दिवसभर ‘आपण’ आणि ‘कृपया’ लिहितो, त्याची बोटे ते आपोआप लिहितात. शिवाय लिहिलेल्या शब्दाला तोंड नसते. समोरासमोर ‘कसा आहेस?’ म्हणताना भुवई उडते, खांद्यावर हात पडतो, आणि समोरच्याला कळते की हा तोच आहे. पडद्यावर फक्त नाव दिसते, आणि 1986 मधील ज्या मुलाला तो ओळखत होता त्याच्याशी ते नाव जुळवायला त्याला वेळ लागत असेल.

मुंबईत अनोळखी पुरुष मित्र कसे होतात, हे पाहायचे असेल तर लोकलमधील बाकडे पाहावे. तीन जणांच्या बाकड्यावर चौथा बसतो, अर्धा बाहेर लोंबकळत. मी मुलुंडहून सकाळची 8:17 ची गाडी अनेक वर्षे पकडत असे. ठाण्याहून बसून येणारा एक गृहस्थ मला रोज दिसे आणि मी रोज त्याला ‘जरा सरका’ म्हणत असे. तो न बोलता चार बोटे सरके. असे सात-आठ महिने गेले. एकदा मी तापाने आठवडाभर घरी राहिलो आणि परत गेलो, तेव्हा त्याने माझ्याकडे न पाहता शेजाऱ्याला सांगितले, ‘सरक रे, आपला माणूस आलाय.’ त्या दिवसापासून मीही त्याला ‘सरक रे’ म्हणू लागलो. त्याचे आडनाव मला त्यानंतरही दोन वर्षे माहीत नव्हते. तो ‘ठाणे’ होता आणि मी ‘मुलुंड’ होतो.

त्या सात-आठ महिन्यांत आम्ही एकमेकांशी बोलतच नव्हतो असे नाही. मराठीने अशा काळासाठी सर्वनाम टाळण्याची सोय करून ठेवली आहे आणि ती तुमच्या आता उपयोगी पडेल. ‘जेवण झाले का?’, ‘कधी येणे झाले?’, ‘मग काय ठरले?’ या वाक्यांत ‘तू’ नाही आणि ‘तुम्ही’ही नाही. क्रियापद समोरच्या माणसाशी जुळत नाही, त्यामुळे कोणालाच पुढे पाऊल टाकावे लागत नाही. पुढचे चार-पाच संदेश याच घाटाचे लिहावेत. त्याच्या ‘आपण’ला ‘आपण’ने उत्तर देऊ नये, कारण तसे झाले की ते दार बंद होते, आणि हट्टाने ‘अरे लेका’ही लिहू नये, कारण गटातील चाळीस जण ते वाचत असतात आणि त्याला चाळीस जणांपुढे उत्तर द्यावे लागेल.

त्यानंतर ‘एकदा भेटू या’ असे लिहावे. हे क्रियापद दोघांनाही धरणाऱ्या ‘आपण’चे असल्यामुळे त्यातही प्रश्न येत नाही. ठिकाण मात्र तुम्हीच सुचवावे आणि ते शाळेच्या फाटकासमोरचे असावे. तेथे वडापावची गाडी अजून असेल, तर त्याला शाळेतील टोपणनावाने हाक मारण्याची पहिली संधी तुम्ही साधावी, आणि तो वळून काय म्हणतो हे मला कळवावे.